कोठीची किल्ली घरच्या माणसाकडेच हवी

लग्न दोन-तीन दिवसांचं आणि गावाबाहेरच्या रिसॉर्टवर असेल, तर पाहुण्यांच्या खाण्यापिण्याची कोठी यजमानांनी स्वतः भरावी आणि तिची किल्ली घरच्याच माणसाकडे ठेवावी. जेवण केटररला द्या, सजावट इव्हेंटवाल्यांना द्या, पण कोठी कंत्राटात देऊ नका. नाशिकच्या रविवार कारंजाजवळच्या आमच्या किराणा दुकानात सासऱ्यांच्या काळापासून लग्नाच्या याद्या भरल्या जातात. आता गल्ल्यावर मी बसते. बदलत गेलेल्या या याद्या पाहूनच माझं हे मत झालं आहे.

चार दिवसांचं लग्न आपल्याकडे नवं नाही. वऱ्हाड परगावाहून यायचं, जानोशावर उतरायचं, सीमांतपूजनापासून वरातीपर्यंत तिथेच राहायचं. त्यांच्या आंघोळीच्या पाण्यापासून रात्रीच्या दुधापर्यंतची काळजी मुलीकडचे वाहायचे. यादी हातात आली की सासरे पहिला प्रश्न विचारत, ‘वऱ्हाड किती वाजता उतरणार?’ मग त्या वेळेवरून पोहे, साखर, चहा, लाडवांचा रवा यांचा हिशेब लागे. पंगतीचं सामान त्याच्यानंतर. माणूस प्रवासातून उतरल्यावर पहिल्या अर्ध्या तासात त्याच्या हातात काय पडतं, त्यावर पुढचे चार दिवस ठरतात, असं ते मानत. मलाही तसंच वाटतं.

आता गंगापूर धरणाच्या काठी, त्र्यंबक रस्त्यावर, इगतपुरीच्या डोंगरात लग्नं होतात. जेवणाच्या वेळी पदार्थांची रांग लागते, चाट वेगळं, मिष्टान्न वेगळं. त्या दोन जेवणांच्या मधल्या तासांचं काय, याचा विचार कुणाच्याच यादीत नसतो. नाश्ता आठला उघडतो आणि आजी पाचला उठलेल्या असतात. रक्तातली साखर सांभाळणाऱ्या काकांना हळदीच्या गडबडीत दुपारचे तीन वाजेपर्यंत तोंडात घालायला काही मिळत नाही. २०२५च्या जूनमध्ये समृद्धी महामार्ग पूर्ण खुला झाल्यापासून नागपूर-अमरावतीची मंडळी गाडीनेच निघतात आणि रात्री दीड-दोनला पोहोचतात. तेव्हा रिसॉर्टचं स्वयंपाकघर बंद असतं आणि जवळच्या गावातलं दुकान कधीच मिटलेलं असतं. अशा वेळी उपयोगी पडते ती कोठी.

हिशेब अवघड नाही. दोनशे माणसं धरा. माणशी दिवसाला तीन अर्धे कप चहा धरला तर सुमारे ३० लिटर दूध, दीड किलो चहा पावडर आणि पाच-सहा किलो साखर लागते. बिनसाखरेचा चहा वेगळ्या थर्मासमध्ये ठेवा. उन्हाळ्यात पिण्याचं पाणी माणशी तीन लिटर धरा, म्हणजे दिवसाला २० लिटरचे ३० जार. लिंबू, साखर, मीठ आणि ओआरएसची पाकिटं हाताशी हवीत, कारण एप्रिल-मेमध्ये नाशिकचं दुपारचं ऊन पाहुण्यांना सोसत नाही. लग्न इगतपुरीकडे पावसाळ्यात असेल, तर पन्ह्याऐवजी आलं, गवती चहा आणि सूप जास्त खपतं. बाकी चुरमुरे, चिवडा, दाणे-गूळ, राजगिऱ्याच्या वड्या, नाचणीचे लाडू, केळी, बिस्किटं. लहान मुलांसाठी मऊ भात लावता येईल एवढे तांदूळ आणि मूगडाळ. हे सगळं एका खोलीत मावतं, आणि त्याचा खर्च जेवणातले चार दिखाऊ पदार्थ कमी केले की निघतो.

काही गोष्टींत मात्र तडजोड नको. बर्फ पांढराच घ्या आणि तो पिण्याच्या पाण्याचा आहे याची खात्री करा. २०१८पासून राज्यात अखाद्य बर्फ निळा करण्याचा नियम आहे, तो मासळी आणि बाटल्या थंड करण्यासाठी असतो, सरबतात टाकण्यासाठी नव्हे. दोन-तीन दिवसांच्या लग्नात कुणाची ना कुणाची एकादशी, चतुर्थी, सोमवार येतोच. त्यांच्यासाठी भगर ठेवताना सीलबंद पाकीट आणि त्यावरची तारीख पाहून घ्या. भगरीचं सुटं पीठ आणू नका. जुन्या, ओल धरलेल्या भगरीतून विषबाधा झाल्याच्या बातम्या नवरात्रात आणि महाशिवरात्रीला आपण वाचतोच. शिजवलेलं अन्न साठ अंशांपेक्षा गरम किंवा पाच अंशांपेक्षा थंड ठेवता येत नसेल, तर दोन तासांत संपवा. म्हणूनच कोठीत कोरडं आणि टिकाऊच असावं. दुपारचा उरलेला पनीर रात्री उशिरा येणाऱ्यांसाठी झाकून ठेवणं हा पाहुणचार नाही.

नाशिकचं लग्न म्हटलं की वाइनचा विषय निघतो. राज्याने २००१मध्ये द्राक्षप्रक्रियेचं धोरण आणलं, पुढे इथे वायनऱ्या वाढल्या, नाशिक व्हॅली वाइनला भौगोलिक मानांकनही आहे. ज्यांच्या घरी चालतं त्यांनी जरूर ठेवावी, पण राज्य उत्पादन शुल्क विभागाचा तात्पुरता परवाना काढून, ड्राय डे तपासून आणि गाडी चालवणाऱ्याच्या हाती पेला न देता. खोकी उन्हात उभ्या गाडीच्या डिकीत ठेवू नयेत, चव बिघडते. न पिणाऱ्या पाहुण्यांसाठीही तितक्याच मनाने काहीतरी करा. हंगामात ताज्या द्राक्षांचा रस, एरवी कोकम, ताक, मठ्ठा. त्यांच्यापुढे बाटलीबंद रंगीत पाणी ठेवून मोकळं होणं मला पटत नाही.

माल इथलाच घ्या, असा माझा आग्रह आहे. घोटीचा तांदूळ, लासलगावचा कांदा, पिंपळगावचा टोमॅटो, सुरगाणा-पेठेकडची नाचणी, जिल्ह्यातली द्राक्षं आणि बेदाणे. पाहुणे नाशिक पाहायला येतात, मग त्यांच्या खोलीत परदेशी चॉकलेटांच्या टोपलीऐवजी बेदाण्यांची पुडी आणि नाचणीचा लाडू असावा. त्याने इथल्या शेतकऱ्याच्या आणि बचत गटाच्या हातात दोन पैसे जातात.

आणखी एक यादी मी स्वतःहून मागते, ड्रायव्हर, वाजंत्री, मांडववाले, सफाईवाले यांची. ही माणसं पहाटेपासून राबतात आणि पुष्कळदा उरलंसुरलं खातात. त्यांचा चहा-नाश्ता कोठीतून, ठरलेल्या वेळी, पाहुण्यांसारखाच गेला पाहिजे.

‘एवढे पैसे मोजल्यावर ही डोकेदुखी कशाला?’ असं मला तरुण जोडपी विचारतात. पैसे घेणारा माणूस ठरलेल्या वेळेत ठरलेलं काम करतो, त्यात त्याची चूक नाही. पण कोणत्या मावशींना गहू चालत नाही आणि कोणते आजोबा मागायला संकोचतात, हे घरच्यालाच ठाऊक असतं. याहून खरा आक्षेप दुसरा आहे. पूर्वी कोठी म्हणजे घरातली एखादी काकू किंवा विधवा आत्या, जिला अक्षताही टाकायला मिळत नसत. ती प्रथा परत आणायची नाही. किल्ली चार-चार तासांच्या पाळीने फिरू द्या, आणि पाळीत दीर, भाऊ, मामा, नवऱ्यामुलाचे मित्रही असू द्या. दूध नासलं की नाही हे ओळखायला बाई असावं लागत नाही.

तेव्हा रिसॉर्टला ॲडव्हान्स देण्याआधी तीन गोष्टी करारात लिहून घ्या. कोठीसाठी कुलूप लागणारी एक खोली आणि फ्रिज मिळेल, कोरडा फराळ बाहेरून आणता येईल, आणि रात्रभर पाणी-दूध गरम करण्याची सोय खुली राहील. बाहेरचं खाणं चालणार नाही असा नियम बऱ्याच ठिकाणी असतो, पण सही होण्याआधी बोललं तर वाट निघते. किराणा माल सीलबंद परत घेण्याच्या बोलीवर घ्या. बरेच दुकानदार त्याला तयार होतात, आम्हीही होतो. शिजवलेलं उरणारच असेल, तर ते वेळेत घेऊन जाणारी संस्था आधीच ठरवा. उरलेल्या अन्नाच्या वाटपासाठी अन्न सुरक्षा प्राधिकरणाचे २०१९चे नियमही आहेत. एवढं केलंत तर पाहुणा कोणत्याही वेळी आला तरी उपाशी झोपणार नाही. लग्नाचं मोठेपण मी यावरूनच मोजते, आणि माझ्याकडे यादी घेऊन येणाऱ्या प्रत्येक घराला हेच सांगते.