अत्रे आणि आपण

१ नोव्हेंबर १९५६ला नांदेड आणि तेव्हा उस्मानाबाद जिल्ह्यात असलेलं लातूर हैदराबाद राज्यातून द्विभाषिक मुंबई राज्यात आलं. १५ नोव्हेंबरला आचार्य अत्र्यांचा दैनिक ‘मराठा’ निघाला. मुंबईसह संयुक्त महाराष्ट्र हीच त्याची मागणी. ती आपलीही होती. म्हणून अत्रे मराठवाड्याला परके कधीच नव्हते.

या अंकात आम्ही पत्रकार अत्र्यांसोबत चित्रपटकार अत्र्यांकडे मुद्दाम वळलो आहोत. ‘श्यामची आई’ला १९५४ साली पहिलं राष्ट्रपती सुवर्णपदक मिळालं, हे सगळ्यांना पाठ आहे. मला मोठा वाटतो तो त्या चित्रपटानंतरचा ‘महात्मा फुले’. ‘श्यामची आई’नंतर हमखास गल्ला भरणारा विषय घेता आला असता. अत्र्यांनी जोतीराव निवडले. मुहूर्ताला डॉ. आंबेडकर आले. पडद्यावर खुद्द गाडगेबाबा कीर्तन करताना दिसतात. अग्रलेखात मांडायची बाजू त्यांनी कॅमेऱ्यासमोरही सोडली नाही.

नांदेड-लातूरची तरुण पत्रकार मंडळी आज बातमी देतात, पुस्तकं लिहितात, मोबाइलवर माहितीपट करतात. पाणीटंचाई, ऊसतोड, शिकवण्यांचा बाजार हे विषय दारातच आहेत. त्यांनी ‘महात्मा फुले’ जरूर पाहावा, आणि आपलं काम आमच्याकडे पाठवावं. पानं राखून ठेवली आहेत.