कचेरी कोठे असावी?

१९०५ साली वऱ्हाडातील जिल्ह्यांची फेरमांडणी झाली, तेव्हा एलिचपूर जिल्हा अमरावतीत विलीन झाला आणि वाशीमचा जिल्हाही मोडला. वाशीमला जिल्हा कचेरी परत मिळाली ती १ जुलै १९९८ रोजी, अकोल्याच्या विभाजनानंतर. अचलपूर अद्याप वाटच पाहत आहे.

अशा प्रश्नांत न्यायालयाकडे धाव घेण्याचा सल्ला हमखास दिला जातो. तथापि आंध्र प्रदेशातील मंडल मुख्यालयांच्या प्रकरणी सर्वोच्च न्यायालयाने १९८८ साली हा शासनाच्या अखत्यारीतील विषय मानला. लोकसंख्या, दळणवळण इत्यादींविषयीच्या शासकीय मार्गदर्शक सूचनांना कायद्याचे बळ नाही, असा निर्वाळा दिला. मनमानी सिद्ध झाली तरच हस्तक्षेप. गैरसोय हा मुद्दा तेथे पुरेसा ठरत नाही.

पण गैरसोयीला किंमत असते. धारणीहून अमरावती सुमारे दीडशे किलोमीटर. जिल्हाधिकाऱ्यांपुढील अपिलासाठी येणाऱ्या शेतकऱ्याचे एसटीचे भाडे आणि बुडालेली मजुरी कोणत्याच अंदाजपत्रकात दिसत नाही. जमीन महसूल संहितेनुसार (१९६६) महसुली क्षेत्रांत बदल करण्यापूर्वी मसुदा प्रसिद्ध करून हरकती मागवाव्या लागतात. हा हिशेब मांडण्याची जागा तीच. ती मुदत बहुधा निमूटपणे सरते. मोर्चे निघतात ते अधिसूचना निघाल्यावर.