आन्सिबलचे स्वप्न आणि सेकंदाला २४० बिट

जून २०२५ मध्ये आयआयटी दिल्ली आणि डीआरडीओ यांच्या एका प्रयोगाची बातमी आली. संस्थेच्या आवारात, एक किलोमीटरहून अधिक अंतरावर, मध्ये कोणतीही तार न ठेवता, परस्परांत गुंतलेल्या प्रकाशकणांच्या आधारे दोन ठिकाणी एकच सांकेतिक किल्ली निर्माण करण्यात आली. काम निर्विवाद मोलाचे आहे. मात्र अशा प्रत्येक बातमीच्या मागोमाग एक दावाही फिरू लागतो: आता संदेश प्रकाशाहून वेगाने जाणार, मंगळाशी क्षणार्धात बोलता येणार. हा दावा चुकीचा आहे, आणि त्याची किंमत अखेरीस विज्ञानालाच मोजावी लागते.

क्षणार्धात बोलणारे यंत्र अस्तित्वात आहे, पण ते कादंबरीत. अर्सुला ली ग्विन यांनी १९६६ च्या ‘रोकॅनन्स वर्ल्ड’ या कादंबरीत त्याला ‘आन्सिबल’ असे नाव दिले. ‘आन्सरेबल’, म्हणजे उत्तर मिळू शकेल असे, या शब्दाचे ते संक्षिप्त रूप. पुढे अनेक विज्ञानकथालेखकांनी हे नाव आणि हे यंत्र निःसंकोच उचलले. ली ग्विन यांचा प्रामाणिकपणा असा, की त्यांच्या विश्वात शब्द क्षणात पोहोचतो, माणूस पोहोचत नाही. त्याच कादंबरीच्या प्रारंभी एक स्त्री दूरच्या ग्रहावर जाऊन परत येते. तिच्या लेखी थोडाच काळ गेलेला असतो. घरी मात्र पती मरण पावलेला आणि तान्ही मुलगी तरुण झालेली असते. अंतराची किंमत लेखिकेने पुसून टाकलेली नाही.

एन्टँगलमेंटमधून आन्सिबल का निर्माण होत नाही, हे समजण्यास गणिताची गरज नाही. गुंतलेल्या दोन प्रकाशकणांपैकी एकाचे मापन दिल्लीत आणि दुसऱ्याचे अहमदाबादेत केले, तर दोन्ही उत्तरे परस्परांशी जुळतात. परंतु दिल्लीतील उत्तर काय यावे, हे दिल्लीतील शास्त्रज्ञाच्या हाती नसते. ते यदृच्छेने येते. जे आपल्या इच्छेने लिहिता येत नाही, ते पत्र कसे होणार? अहमदाबादेतील निरीक्षकापुढे केवळ अर्थहीन आकड्यांची रांग उभी राहते. ती दिल्लीच्या रांगेशी जुळते हे त्याला कळते ते दूरध्वनी किंवा इंटरनेटवरून, म्हणजे प्रकाशाच्या मर्यादेत धावणाऱ्या नेहमीच्या मार्गानेच.

ही पळवाट शोधणारे केवळ हौशी लोक नव्हते. अमेरिकी भौतिकशास्त्रज्ञ निक हर्बर्ट यांनी १९८२ मध्ये, आलेल्या प्रकाशकणाच्या लेसरने अनेक प्रती काढून संदेश वाचण्याची युक्ती मांडली. तिच्यातील दोष शोधताना एक मूलभूत नियम हाती लागला: अज्ञात क्वांटम अवस्थेची हुबेहूब प्रत काढता येत नाही. आज क्वांटम किल्लीची सुरक्षितता याच नियमावर उभी आहे. पुढे २००० मध्ये भारतीय भौतिकशास्त्रज्ञ अरुणकुमार पति यांनी सॅम्युएल ब्राउनस्टीन यांच्यासह त्याचा जोडनियम सिद्ध केला: अशा अवस्थेच्या दोन प्रती असल्या, तरी त्यांतील एक पुसून टाकता येत नाही. फसलेल्या आन्सिबलने असे फळ द्यावे, ही गोष्ट कल्पितापेक्षा सुरस आहे.

प्रकाशाहून वेगवान कणांचा विचारही भारतीयांना परका नाही. बिलानियुक, देशपांडे आणि ई. सी. जी. सुदर्शन यांनी १९६२ मध्येच दाखवले, की सापेक्षतावादात अशा कणांना सैद्धांतिक जागा सापडू शकते. ‘टॅकिऑन’ हे नाव नंतरचे. पण त्या कणांनी संदेश पाठवता आला, तर कोणा एका निरीक्षकाच्या दृष्टीने तो पाठवण्यापूर्वीच पोहोचेल आणि कार्यकारणभाव कोसळेल. सुदर्शन या पेचाशी झगडले. त्यांनी तो झाकला नाही. असा कण आजवर सापडलेला नाही. धाडसी कल्पना आणि सवंग दावा यांतील अंतर पाहायचे असेल, तर ते येथे पाहावे.

आन्सिबल नसताना देशाने काय केले, हे २४ सप्टेंबर २०१४ च्या सकाळी दिसले. मंगळयानाचे मुख्य इंजिन सुमारे २४ मिनिटे चालायचे होते आणि तेथून संकेत यायला सुमारे साडेबारा मिनिटे लागत होती. इंजिन सुरू झाल्याची खूण बंगळुरूला मिळाली, तोवर अर्धे ज्वलन उरकले होते. चूक झाली असती, तरी कोणालाही हस्तक्षेप करता आला नसता. म्हणून आज्ञा आधीच यानाच्या स्मृतीत भरल्या होत्या आणि बिघाड सावरण्याची बुद्धीही यानालाच दिली होती. त्या विलंबानेच यानाला शहाणे केले.

आता मूळ प्रयोगाकडे. दिल्लीतील किल्लीचा वेग होता सेकंदाला सुमारे २४० बिट. जुन्या टेलिफोन मोडेमपुढेही हा आकडा केविलवाणा. पण त्या प्रयोगाला वेग नको होता, विश्वास हवा होता: मध्ये कोणी डोकावले, तर ते उघड व्हावे. एप्रिल २०२३ मध्ये मंजूर झालेल्या राष्ट्रीय क्वांटम मिशनसाठी ६,००३.६५ कोटी रुपये आहेत, आणि उपग्रहाद्वारे २,००० किलोमीटरपर्यंत सुरक्षित संपर्क हे त्याच्या उद्दिष्टांपैकी एक आहे. वेगाचे आश्वासन त्यात कोठेही नाही. ते आश्वासन बातमीदारांनी परस्पर देऊन टाकले, तर उद्या उद्दिष्ट पूर्ण होऊनही लोक विचारतील, मंगळावरचा फोन कुठे आहे? आणि त्या प्रश्नाचा रोष प्रयोगशाळेवर निघेल, मथळा देणाऱ्यावर नव्हे.

विचारण्याजोगे प्रश्न वेगळे आहेत, आणि ते पुरेसे कठीण आहेत. किल्ली किती अंतरावर, किती वेगाने, किती चुकांसह मिळाली? तंतूतून की मोकळ्या हवेतून? २०२२ मध्ये प्रयागराज आणि विंध्याचल यांच्यामधले १०० किलोमीटरहून अधिक अंतर तंतूने जोडले गेले. मोकळ्या हवेची अडचण निराळी आहे. २०२१ मध्ये इस्रोने अहमदाबादेत ३०० मीटरवर केलेला प्रयोग रात्री करावा लागला होता, कारण सूर्यप्रकाशाच्या लोंढ्यात एकेकटा फोटॉन ओळखणे फार अवघड असते.