मँगॅनीजचे बारसे कोणी केले?

मूलद्रव्याला नाव देणे हे शास्त्रज्ञांचे काम, त्यात राजकारण कशाला आणता, असे विचारणाऱ्या सज्जनांनी एकदा नागपूरहून जबलपूर रस्त्याने रामटेकच्या दिशेने जावे. वाटेत मनसर लागते. १९०० च्या सुमारास तेथील टेकड्यांतून जो काळा, जड दगड निघू लागला, त्याने इंग्लंड-अमेरिकेच्या पोलादभट्ट्यांची भूक भागवली आणि लंडनमधील भागधारकांचे खिसे भरले. त्या दगडाला आणि त्यातील खनिजांना नावे कशी पडली, हे पाहिले म्हणजे बारशाला कोणाला बोलावणे होते आणि पाणी भरायला कोण होते, याचा उलगडा होतो.

धातू म्हणून मँगॅनीज वेगळा झाला तो स्वीडनमध्ये, १७७४ साली. या काळ्या खनिजात एक अनोळखी धातू दडलेला आहे हे शेले या औषधविक्रेत्याने ताडले, आणि त्याचा मित्र गान याने खनिज कोळशाबरोबर तापवून तो धातू बाहेर काढला. नाव लाभले ते ग्रीसमधील मॅग्नेशिया या प्रांताचे. पुढे पोलादाच्या युगात या धातूचे मोल एकदम वाढले. लोखंडातील गंधक पोलादाला तापल्यावर ठिसूळ करतो. मँगॅनीज त्या गंधकाला बांधून ठेवते, प्राणवायू काढून टाकते आणि पोलादाला चिवटपणा देते. मँगॅनीजवाचून रेल्वेचा रूळ होत नाही आणि तोफही होत नाही. १९०५ च्या रशियन क्रांतीच्या धामधुमीत कॉकेशसच्या खाणींचा पुरवठा विस्कळीत झाला, तेव्हा सौदागरांची नजर मध्य प्रांताकडे वळली. तिकडे मजूर हक्कासाठी संपावर जात होते; इकडे मजुराला संप हा शब्दही ठाऊक होऊ नये अशी व्यवस्था होती. टोपलीच्या मापाने मजुरी आणि हातोड्याने दगड फोडणे, असा तो उद्योग होता. डोक्यावरून टोपल्या वाहण्याचे काम बहुतांशी स्त्रियांकडे असे.

याच काळात भारतीय भूगर्भ सर्वेक्षणाचे फर्मोर या भागात हिंडत होते. १९०९ साली त्यांचा मँगॅनीजवरील ग्रंथ प्रसिद्ध झाला. ग्रंथ थोर आहे, आजही अभ्यासक त्याकडे वळतात. त्याचा उपमर्द करण्याचे कारण नाही. तथापि, नव्या खनिजांना त्यांनी दिलेली नावे पाहावीत. हॉलंडाइट, व्रेडेनबर्गाइट, ब्लॅनफर्डाइट. हॉलंड, व्रेडेनबर्ग आणि ब्लॅनफर्ड हे तिघेही त्याच सर्वेक्षण खात्याचे साहेब. काही नावे गावांवरूनही पडली, हे मान्य केले पाहिजे. छिंदवाड्यातील सीतापारवरून सीतापाराइट आले, आणि पुढे १९३८ मध्ये बालाघाटातील तिरोडीवरून तिरोडाइट. त्या नावांचे काय झाले? सीतापाराइट म्हणजे अमेरिकेत १८९७ सालीच नोंदलेले बिक्सबाइट निघाले. बिक्सबी हे तिकडचे एक खनिजसंग्राहक. अग्रहक्काचा नियम लागू झाला आणि सीतापार पुसले गेले. १९९७ च्या पुनर्नामकरणात तिरोडाइटही अधिकृत यादीतून गेले. त्याच्या जागी आलेल्या नावात मॅसॅच्युसेट्समधील कमिंग्टन हे गाव आहे. नियम निःपक्षपाती असतील. पण ज्याच्या प्रयोगशाळा आधी उभ्या राहिल्या त्याच्याच पदरात असे नियम दान टाकतात. फर्मोर यांनी एका खडकाला गोंडांवरून दिलेले गोंडाइट हे नाव मात्र टिकून आहे. नाव गोंडांचे आणि खडक कंपनीचा, ही वाटणी तेव्हा कोणाला खटकली नाही.

स्वराज्यानंतर तरी निराळे घडायला हवे होते. त्या वर्षांत नागपुरातच डॉ. रघुवीर मूलद्रव्यांची भारतीय नावे घडवत होते. सोडियमला क्षारातु, पोटॅशियमला दहातु. परक्या भाषेच्या जोखडातून विज्ञान सोडवावे, ही त्यांची तळमळ अस्सल होती, आणि इंग्रजीच्या आजच्या पुजाऱ्यांना त्यांची टिंगल करण्याचा अधिकार नाही. परंतु ही नावे संस्कृत धातू-प्रत्ययांतून आली होती, खाणीत राबणाऱ्यांच्या बोलीतून नव्हे. शाळेतील पोर आजही सोडियमच म्हणते. साहेबाचा शब्द जाऊन पंडिताचा आला. खाणीतला शब्द वेशीबाहेरच राहिला.

मालकीची कथा याहून वेगळी नाही. १८९६ च्या सिंडिकेटमधून पुढे सेंट्रल प्रॉव्हिन्सेस मँगॅनीज ओअर ही विलायती कंपनी झाली. १९६२ मध्ये तिच्या खाणी घेऊन मँगॅनीज ओअर (इंडिया) लिमिटेड स्थापन झाली खरी, पण ४९ टक्के भाग विलायती कंपनीकडेच राहिला. तो सुटायला १९७७ साल उजाडले. म्हणजे स्वातंत्र्यानंतरची तीस वर्षे. लोकांच्या पूर्ण मालकीची अशी ही कंपनी तेहतीस वर्षे टिकली. २०१० च्या डिसेंबरात केंद्राने १० टक्के आणि महाराष्ट्र व मध्य प्रदेश यांनी प्रत्येकी ५ टक्के भाग बाजारात विकले. त्याच वर्षी कंपनीच्या नावातून मँगॅनीज गेले, इंडियाही गेले. उरली ती ‘मॉयल लिमिटेड’ ही अर्थहीन अक्षरे. काटोल रोडवरच्या पाटीवर आता धातूचे नाव नाही आणि देशाचेही नाही. शेअर बाजाराला सुटसुटीत नाव लागते म्हणे.

एक नाव मात्र कोणी पुसू नये. ग्लासगोच्या रासायनिक कारखान्यात या काळ्या दगडाची पूड करणाऱ्या मजुरांना जडलेला पक्षाघातासारखा विकार कूपर या डॉक्टरने १८३७ सालीच नोंदवून ठेवला होता. मनसरला पहिली कुदळ पडली त्याच्या साठाहून अधिक वर्षे आधी. धूळ श्वासावाटे शरीरात जाते, मेंदूत साचते. चेहरा मुखवट्यासारखा होतो, बोलणे अडखळते, चाल बिघडते. धूळ बंद झाली तरी विकार वाढत राहू शकतो. १९५२ च्या खाण कायद्याखाली ही विषबाधा सूचनापात्र रोग ठरली. २०२० च्या संहितेच्या परिशिष्टातही ती आहे. रोग ओळखणाऱ्या डॉक्टरने तो सरकारला कळवलाच पाहिजे, असे कायदा सांगतो. पण ओळखायचा कोणी? ठेकेदाराचा मजूर दोन वर्षे खाणीत, मग विटभट्टीवर, मग गावी. पन्नाशीत त्याचे पाय अडखळू लागले तर ते वयामुळे किंवा दारूमुळे, असे म्हणून मोकळे होणे किती सोपे! दगडातील भेद नोंदवायला सूक्ष्मदर्शक घेऊन माणसे पाठवली गेली, तशी या मजुराच्या गावी कोण जाणार?

म्हणून मागणी नेमकी आहे. प्रत्येक मँगॅनीज खाणीत कायम आणि ठेक्याच्या मजुरांची नावानिशी एकच आरोग्य नोंदवही ठेवावी. काम सुटल्यावरही वर्षानुवर्षे त्यांची मज्जातंतूंची तपासणी सरकारी खर्चाने व्हावी. आणि रोग्यांची संख्या खाणवार दरवर्षी मराठीत व हिंदीत जाहीर करावी, म्हणजे चिखला, कांद्री आणि मनसरच्या मजुराला ती स्वतः वाचता येईल.