किती वेळ ठेवायचं?

लग्नघरातली आदली रात्र म्हणजे गादी टाकायला जागा नाही आणि झोप तर कुणालाच नाही. गेल्या हिवाळ्यात आमच्या पुतण्याचं लग्न नारायणगावच्या एका कार्यालयात होतं. घर आमचं मंचरजवळ, त्यामुळे घोडेगाव-डिंभ्याकडच्या आणि मुंबईहून आलेल्या सगळ्या पाहुण्या बायका मुक्कामाला आमच्याकडेच. मेंदी काढून झाली होती. दहा-बाराजणी हात पसरून बसलेल्या, नाक खाजलं तरी शेजारणीला सांगायचं, अशी अवस्था. तेवढ्यात माझी भाची, म्हणजे नणंदेची लेक, हातपाय धुऊन-पुसून कोपऱ्यात येऊन बसली. पिशवीतून एक ट्यूब काढली आणि कापसाच्या काडीने मनगटाला काहीतरी लावायला लागली.

भाची इंग्लंडात मँचेस्टरला असते. (‘मंचरची मँचेस्टरला गेली’ हा विनोद आमच्याकडे आता शिळा झालाय, तरी प्रत्येक पाहुणा तो नव्याने करतो.) थोरल्या जाऊबाईंचं चौफेर लक्ष. त्यांनी लगेच विचारलं, ‘‘काय गं ते? गोरं व्हायचं क्रीम का?’’

‘‘नाही मोठ्या मामी, सावळं व्हायचं.’’

खोलीत हशा पिकला. ‘‘पैसे देऊन काळं व्हायचं? आमच्याकडं टोमॅटोच्या तोड्याला चार दिवस ये, फुकटात होशील,’’ घोडेगावच्या मावशी म्हणाल्या. भाचीही हसली आणि तिने मनगट पुढे केलं. रुपयाएवढा पांढरा डाग. नडगीवर आणखी दोन होते. मग मात्र हसू थांबलं. कोड हा शब्द आपल्याकडे कुणी मोठ्याने उच्चारत नाही, लग्नघरात तर नाहीच नाही.

जाऊबाईंनी आवाज खाली आणून विचारलं, ‘‘लोकांना दिसू नये म्हणून होय?’’

‘‘दिसलं तरी चालतं. कुणी विचारलं तर सांगते मी. पण फोटोत सगळ्यांचं लक्ष तिथेच जातं, म्हणून उद्यापुरतं.’’

क्षणभर शांतता. आणि मग चार-पाचजणींनी एकदमच विचारलं, ‘‘किती वेळ ठेवायचं?’’

बायकांचा हा प्रश्न मला फार आवडतो आणि त्याची भीतीही वाटते. भीती का वाटते, ते पुढे सांगते. आधी त्या ट्यूबबद्दल.

तिकडे याला सेल्फ-टॅनर म्हणतात. ऊन न खाता रापलेलं दिसायचं क्रीम. त्यातलं मुख्य द्रव्य डायहायड्रॉक्सीॲसिटोन, साखरेच्याच जातीचं. १९५० च्या दशकात अमेरिकेत सिनसिनाटीला एव्हा विट्गेन्स्टाइन नावाच्या संशोधक बाई लहान मुलांना एका आजारासाठी ते पाजत होत्या. मुलांच्या अंगावर जिथे जिथे सांडलं, तिथे काही तासांनी तपकिरी डाग उमटले. कपड्यांवर मात्र डाग नाही! १९६० साली कॉपरटोन कंपनीने असं क्रीम बाजारात आणलंसुद्धा. कातडीच्या सर्वांत वरच्या, मेलेल्या थरातल्या प्रथिनांशी ही साखर जुळते आणि रंग येतो. आपण भाकरी तव्यावर टाकली की तिला तांबूस ठिपके पडतात ना, त्याच जातीची ही क्रिया, फक्त विस्तवाशिवाय.

म्हणून त्याला वेळ लागतो. साधारण चार ते आठ तास ठेवायचं, मग कोमट पाण्याने नुसतं धुवायचं, साबण नाही. झटपट रंगाची काही क्रीमं असतात, ती एक ते तीन तासांत धुतात. लावल्यावर लगेच दिसतो तो वरवरचा रंग पाण्याबरोबर जातो, पाणी तपकिरी झालं तरी घाबरायचं नाही, खरा रंग मागे राहतो आणि नंतरही थोडा चढतो. आठ तासांच्या वर ठेवून काही हाती लागत नाही. कोपर, गुडघे, टाचांच्या भेगा अशा कोरड्या जागी रंग जास्त धरतो, तिथे बेताने लावायचं. लावल्यावर तळहात घासून धुवायचे, नाहीतर नारिंगी होतात. पाच-सात दिवसांत कातडीच्या पापुद्र्याबरोबर रंग उतरतो. आणि उन्हापासून त्याने काडीचंही संरक्षण होत नाही. कोडाच्या डागात मुळात रंगद्रव्यच नसल्याने तिथे ऊन पटकन भाजतं, त्यामुळे वरून सनस्क्रीन किंवा पूर्ण बाही हवीच. कातडीचे डॉक्टर कोडाचे डाग झाकण्यासाठी हे सुचवतात. औषध नव्हे हं, झाकणच.

भाचीने साडेअकराला लावलं आणि मोबाइलवर साडेपाचचा गजर लावला. सहा तास. ‘‘म्हणजे मेंदीच की गं,’’ जाऊबाई म्हणाल्या. त्यांचं काही चुकलं नव्हतं. मेंदीचा रंगही त्याच मेलेल्या थरात बसतो, त्यालाही सहा-आठ तास लागतात, तोही दुसऱ्या दिवशी आणखी चढतो आणि पापुद्र्याबरोबर जातो.

पण ‘जितका वेळ ठेवाल तितकं चांगलं’ हा मेंदीचा नियम लहानपणापासून आपल्या अंगात इतका मुरलाय, की तो आपण भलत्याच गोष्टींना लावतो. खोलीत आणखी एक मुलगी बसली होती, जी या गप्पांत एकदाही हसली नव्हती. माझी पुतणी, थोरल्या जाऊबाईंचीच धाकटी.

दोन वर्षांपूर्वी तिचा बघण्याचा कार्यक्रम होता. रविवार, अकराची वेळ, पाहुणे चाकणकडचे. मुलगी बी.कॉम.ला, सुट्टीच्या दिवशी प्लॉटवर टोमॅटो तोडायला जाणारी. टोमॅटोच्या तोड्याने हात कसे काळे-हिरवे होतात ते नारायणगावच्या बाजाराला माल घालणाऱ्या घरांना सांगायला नको. साबणाने तो राप निघत नाही, कच्चा टोमॅटोच चोळावा लागतो. चेहरा तर उन्हाने रापलेलाच. स्कार्फ बांधला, वडलांचा फुल बाह्यांचा शर्ट साडीवर घातला, तरी डोळ्यांखाली आणि गालांवर ऊन लागतंच. तर सकाळी घरीच ब्लीच करायचं ठरलं. डबीवर लिहिलं होतं दहा ते पंधरा मिनिटं. साडेनऊला लावलं. तेवढ्यात फोन आला, की राजगुरुनगरला वाहतूक अडकलीय, तासभर उशीर होईल.

‘‘मग राहू दे की अजून थोडं,’’ जाऊबाई म्हणाल्या, ‘‘चढेल चांगलं.’’

पुतणी म्हणाली, ‘‘आई, चुरचुरतंय.’’

‘‘चुरचुरलं म्हणजे लागू पडतंय.’’

मी ओट्याशी पोहे भिजवत होते. समोर घड्याळ होतं. पावणेदहा झाले, दहा झाले, मी पाहिलं. आणि मी काही बोलले नाही. थोरल्या जावेला तिच्या मुलीच्या कार्यक्रमात काय सांगायचं, असा विचार केला. दहा वाजून दहा मिनिटांनी पुतणीने स्वतःच उठून तोंड धुतलं. उजव्या गालावर लालभडक चट्टा उठला होता. पावडर थापली, पाहुणे आले, पोहे खाऊन गेले. पुढे जमलं नाही, ते जमिनीच्या बोलण्यावरून. गालाचा त्यात काही संबंध नव्हता. लाल चट्टा आठवडाभराने काळा पडला आणि तो काळा डाग जायला आठ महिने लागले. म्हणजे उजळायला म्हणून लावलं आणि होती त्याहून काळी झाली पोर.

ब्लीचमध्ये हायड्रोजन पेरॉक्साइड असतं. तोंडावरची बारीक लव त्याने फिकी होते, म्हणून चेहरा उजळल्यासारखा वाटतो. रापलेली कातडी त्याने गोरी होत नाही. ती सावलीत काही आठवडे-महिने गेले की आपली आपण मूळ रंगावर येते. ब्लीच पंधरा मिनिटांनंतर ठेवलं तर एकच गोष्ट वाढते, भाजणं. चुरचुरायला लागलं की पाच मिनिटं झाली असोत वा दोन, थंड पाण्याने लगेच धुवायचं. एक-दोन दिवस आधी कोपराच्या आतल्या बाजूला थोडंसं लावून पाहायचं, आणि कार्यक्रमाच्या दिवशी तर करायचंच नाही. लगोलग उन्हातही जायचं नाही, आणि हे आपल्याकडच्या पोरींना जमायचं कसं, ते मला विचारू नका. मेंदीतही ‘काळी मेंदी’ म्हणून तासाभरात रंगणारे कोन मिळतात, त्यांत केसांच्या कलपातलं रसायन घातलेलं असू शकतं. त्याने हातावर फोड आलेले मी पाहिलेत. खऱ्या मेंदीला घाई चालत नाही, एवढं लक्षात ठेवा.

आणि मेडिकलमधून चिठ्ठीशिवाय आणलेल्या ‘गोरं व्हायच्या’ ट्यूबा. त्यांतल्या कितीतरींत स्टिरॉइड असतं. २०१८ मध्ये सरकारने अशी क्रीमं डॉक्टरच्या चिठ्ठीशिवाय विकायला बंदी केली. तरी ‘शेजारणीला गुण आला’ या चिठ्ठीवर ती अजून घरोघर फिरतात. महिनोन्‌महिने लावली तर कातडी पातळ होते, मुरमं येतात, केस येतात. इथे ‘किती वेळ’चं उत्तर एकच, डॉक्टर सांगतील तितकेच दिवस.

आता माझं म्हणणं. घड्याळ आपण पाहतो, पण घड्याळ लावतं कोण? बायोडाटात अजून ‘वर्ण’ असा रकाना आहे. गोरा, निमगोरा, गव्हाळ. सावळा कुणीच लिहीत नाही, सावळ्या मुलीसुद्धा गव्हाळ होतात. फेअर अँड लव्हली १९७५ मध्ये आलं, २०२० मध्ये कंपनीने नावातला ‘फेअर’ काढला. त्याच वर्षी शादी डॉट कॉमनेही रंगावरून स्थळं गाळायची सोय काढून टाकली. कंपन्यांनी काढलं आणि आम्ही मंचर-जुन्नरच्या आयांनी मात्र तो रकाना व्हॉट्सॲपवर जपून ठेवलाय! सून हवी शेतात राबणारी, गोठा सांभाळणारी, आणि रंग हवा घराबाहेर न पडलेलीचा. हे दोन्ही एका मुलीत कसं मिळेल?

कोडाचं तर याहून वाईट. एका घरात दोन मामे-आते बहिणी. एक पांढरा डाग सावळा करतेय, दुसरीने सावळा गाल पांढरा करायला जाऊन भाजून घेतला. दोघींच्या आयांना काळजी एकच, स्थळाची. कोड संसर्गाने होत नाही, तो कुष्ठरोग नाही, मासे खाऊन दूध प्यायल्यानेही होत नाही. शरीराचीच प्रतिकारशक्ती रंगद्रव्य तयार करणाऱ्या पेशींवर उलटते, म्हणून होतो. आपल्याच जिल्ह्यात, पुण्यात, डॉ. माया तुळपुळे यांनी श्वेता असोसिएशन उभी केली. त्यांना स्वतःला कोड आहे. डाग असलेल्यांचे वधू-वर मेळावेही ही संस्था घेते. सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर यांचा ‘नितळ’ हा २००६ चा चित्रपट याच विषयावर आहे, मिळाला तर घरातल्या सगळ्यांना घेऊन बघा.

फोटोपुरता डाग झाकायला माझी काही हरकत नाही, आपण कुंकू-पावडर लावतोच. पण बघण्याच्या कार्यक्रमात झाकून बसवू नका. रंग पाच दिवसांत उतरतो आणि मग ती पोर सासरी न्हाणीघराचं दार लावून दर आठवड्याला चोरून काडी फिरवत बसते. सांगून टाका आधी. नाही म्हणणारे आधीच नाही म्हणू देत.

पहाटे साडेपाचला गजर झाला. भाची धुवायला गेली तर मागोमाग जाऊबाई दिवा घेऊन, रात्रभर झोपल्याच नसाव्यात. डाग बराचसा मिळून आला होता, कडेला जरासा गडद. हळदीच्या वेळी कुणी तिचं मनगट चोळू लागलं, की जाऊबाईच ओरडत होत्या, ‘‘तिथं नको, उतरेल!’’ घासलं की रंग निघतो, हे त्यांच्या बरोबर ध्यानात राहिलं होतं. दुपारी एका विहिणीने उरलेला कडेचा पांढरा भाग पाहून विचारलंच. भाचीने सरळ सांगितलं. विहीणबाई ‘अस्सं’ म्हणाल्या आणि जिलेबी घ्यायला गेल्या.

पुतणीने गेल्या महिन्यात नवा बायोडाटा केला. वर्णाची ओळ त्यात नाही. वडलांनी विचारलं, ‘‘एक ओळ राहिली का गं?’’ ती म्हणाली, ‘‘नाही.’’ जाऊबाई तेव्हा काहीच बोलल्या नाहीत.

उरलेली ट्यूब भाची आमच्याकडेच विसरून गेली. परवा कपाट आवरताना सापडली, ब्लीचच्या डबीशेजारी. दोन्हींवर जाऊबाईंनी चिकटपट्टीने कागद लावलाय. ट्यूबवर लिहिलंय, ‘६ तास’. डबीवर, ‘१५ मिनिटं, लाग लागली की लगेच धुणे’.