मनोविकाराचा दावा आणि लांबणाऱ्या तारखा

घटस्फोटाच्या अर्जाला औषधांची एक जुनी चिठ्ठी जोडलेली असते. जोडीदाराला स्किझोफ्रेनिया आहे, असा दावा असतो. समोरची बाजू तो नाकारते. मग वैद्यकीय तपासणीसाठी अर्ज, त्यावर हरकत, तज्ज्ञाचा अहवाल, त्याची उलटतपासणी असा क्रम सुरू होतो. तोवर पोटगी आणि मुलांचा ताबा हे प्रश्नही ताटकळत राहतात.

हिंदू विवाह कायद्यानुसार नोटीस बजावल्यापासून सहा महिन्यांत असा अर्ज निकाली काढण्याचा प्रयत्न व्हायला हवा. अंतरिम पोटगीचा अर्ज तर शक्यतो ६० दिवसांत. मग घोडे अडते कुठे? अनेकदा दोन वेगळ्या प्रश्नांची गल्लत होते तिथे.

पहिला प्रश्न आजाराचा. घटस्फोटासाठी नुसते निदान पुरत नाही. सोबत राहण्याची अपेक्षाच करता येऊ नये, इतका आजार तीव्र असल्याचे सिद्ध करावे लागते. सर्वोच्च न्यायालयाने १९८८ मध्ये आणि पुन्हा २०१३ मध्ये हेच अधोरेखित केले. न्यायालय वैद्यकीय तपासणीचा आदेश देऊ शकते, पण त्यासाठी सकृद्दर्शनी भक्कम आधार हवा, असे २००३ चा निकाल सांगतो. मानसिक आरोग्य सेवा कायदा, २०१७ च्या कलम १०५ प्रमाणे आजाराच्या पुराव्याला आव्हान मिळाले, तर प्रकरण मानसिक आरोग्य पुनर्विलोकन मंडळाकडे पाठवावे लागते. मंडळाने मत किती दिवसांत द्यावे, हे मात्र त्या कलमात नाही.

दुसरा प्रश्न क्षमतेचा. ही व्यक्ती आज आपला खटला समजून घेऊन स्वतःचे हित जपू शकते का? नसेल, तर दिवाणी प्रक्रिया संहितेनुसार न्यायालय चौकशी करून दाव्यापुरता पालक नेमते. हा प्रश्न सुरुवातीलाच सुटायला हवा. तो राहून गेला, तर पुढे निकालच रद्द होऊन सारे पहिल्यापासून सुरू होण्याची भीती असते.

वैद्यकीयदृष्ट्याही आजार आणि क्षमता एक नव्हेत. बायपोलर आजाराच्या तीव्र झटक्यात गोंधळलेली व्यक्ती उपचारांनंतर काही आठवड्यांत व्यवस्थित निर्णय घेऊ शकते. मानसिक आजार आहे, एवढ्यावरून कोणी ‘अस्थिर मनाचा’ ठरत नाही, असे २०१७ चा कायदाही सांगतो. म्हणूनच दोन वर्षांपूर्वीचा अहवाल आजच्या क्षमतेबद्दल फारसे सांगत नाही. तारखा लांबल्या की अहवाल शिळा होतो, नवी तपासणी लागते आणि पुन्हा तारीख पडते.

यावर उपाय आवाक्यातले आहेत. कौटुंबिक न्यायालय कायदा, १९८४ न्यायालयाला वैद्यकीय तज्ज्ञांची मदत घेण्याची मुभा देतो. तज्ज्ञाला नेमके विचारावे: अर्जात काय म्हटले आहे हे या व्यक्तीला कळते का, परिणामांचा विचार करून ती निर्णय घेऊ शकते का, तो सांगू शकते का? पोटगीचा निर्णय आजाराच्या वादासाठी अडवून ठेवू नये.

आणखी एक धोका घरातला आहे. उपचारांचे कागद आपल्याविरुद्ध वापरले जातील, या भीतीने औषधे बंद करण्याचा मोह होतो. तसे केल्यास आजार उलटू शकतो आणि प्रकृतीबरोबर खटलाही बिघडतो. नियमित उपचारांनी आजार आटोक्यात असल्याची नोंद अशा दाव्यात रुग्णाच्या बाजूनेच बोलते.