थट्टेचे दुखणे

एक बाई तीन महिने माझ्याकडे येत होत्या. पित्त, डोकेदुखी, झोप नाही. सगळ्या तपासण्या ठीक. शेवटी हळूच म्हणाल्या, "डॉक्टरसाहेब, ऑफिसात माझ्या शरीरावरून रोज विनोद होतात. साहेबांना सांगितलं, तर म्हणाले, गंमत आहे, मनावर घेऊ नका."

वाचकहो, आपण नागपूरकर थट्टामस्करीचे शौकीन. पण मांजराचा खेळ होतो नि उंदराचा जीव जातो, ती गंमत नव्हे. सततच्या ताणाने झोप उडते, पित्त बळावते, रक्तदाब चढतो. तिथे माझ्या गोळ्या पुऱ्या पडत नाहीत.

स्त्रीला नकोसे असलेले लैंगिक अर्थाचे शेरे २०१३ च्या कायद्याने छळ ठरतात. १० किंवा अधिक कर्मचारी असलेल्या कार्यालयात अंतर्गत समिती हवीच. लहान ठिकाणच्यांसाठी जिल्ह्याची स्थानिक समिती असते. लेखी तक्रार ३ महिन्यांच्या आत करावी.

साहेबलोकांना एवढेच सांगणे: तक्रार आली की पूर्ण ऐका, लिहून घ्या, दोघांना वेगवेगळे विचारा. हसणाऱ्याचा हेतू मागाहून पाहा. आधी दुखते कुठे, ते विचारा. आम्ही डॉक्टर तेच करतो.